भूतकाळाचा फेरफार

ठाण्याहून बाळकुम मागे टाकून उल्हासच्या खाडीवरचा पूल ओलांडला की कशेळी लागतं. भिवंडी तालुक्याचं हे दार. रस्त्यालगत ठाणे-भिवंडी-कल्याण मेट्रोचे खांब, त्यांच्या मागे गोदामांची रांग आणि त्यामागे गाव. या गावातल्या एका घरात सध्या एक वाद रंगला आहे. मामा इतिहासाचे निवृत्त शिक्षक. भाची एका गोदामात मालाच्या आवक-जावकीच्या नोंदी ठेवते आणि रात्री कादंबरी लिहिते. कादंबरीत एक विद्या आहे. ती ज्याला साधते, तो घडून गेलेली घटना बदलू शकतो. भाचीने विद्येला नाव दिलं आहे ‘फेरफार’. मामांना नाव पसंत आहे, विद्या अजिबात पसंत नाही.

मराठीत अद्भुताचं लेखन पुष्कळ झालं, पण भूतकाळाला हात घालण्याच्या कल्पनेवर कुणी एवढ्या पोटतिडकीने भांडताना मी ऐकलं नव्हतं. म्हणून दोघांची परवानगी घेऊन तो वाद इथे मांडतो आहे.

मामा : तुझं गाव बरोबर उतरलंय, माणसंही आपलीच वाटतात. पण ही विद्या काढून टाक. ‘असं झालं असतं तर’ याची आपल्या लोकांना आधीच फार सवय आहे. पानिपताचा विषय निघू दे, पाचव्या मिनिटाला गाडी पेशव्यांच्या विश्वासरावांना लागलेल्या गोळीवर येते. ती लागली नसती तर, सदाशिवरावभाऊ हत्तीवरून उतरले नसते तर, होळकर निघून गेले नसते तर. 14 जानेवारी 1761 ला जे झालं ते का झालं, हे विचारायला कुणी थांबत नाही. तुझी विद्या या सवयीला खतपाणी घालणार.

भाची : मामा, गोळीचा प्रश्न मी काढलेला नाही. तो जयंत नारळीकरांनी काढला, ‘गंगाधरपंतांचे पानिपत’मध्ये. तुम्हीच मला ती कथा वाचायला दिली होती.

मामा : दिली होती, आणि परत देईन. पण नीट वाच. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत अपघातानंतर अशा एका जगात जातात, जिथे गोळी विश्वासरावांना चाटून गेली आणि मराठे जिंकले. तिथे ते काय करतात? ग्रंथालयात बसतात, इतिहास वाचतात, आझाद मैदानावरच्या सभेत घुसून मार खातात आणि परत येतात. खिशात उरतं बखरीचं एक फाटलेलं पान. त्यांनी काहीही बदललेलं नाही, फक्त पाहिलं. नारळीकरांनी माणसाच्या हातात कळ दिली नाही. तू देते आहेस.

भाची : कळ दिली नाही हे खरं. पण गोळीचा मार्ग केसभर बदलला तर इतिहासाची वाट बदलते, हे दाखवलं की नाही? त्यासाठी त्यांनी आपत्तिसिद्धांत आणला, पुंजवाद आणला. मी मंत्र आणते. फरक साधनाचा आहे.

मामा : फरक साधनाचाच असतो, बाळा. पुंजवाद शिकायला वर्षं घालवावी लागतात. मंत्र विकणारा माणूस मात्र कोपऱ्यावर बसलेला असतो. नरेंद्र दाभोलकरांचा 20 ऑगस्ट 2013 ला पुण्यात खून झाला, त्यानंतर काही दिवसांत सरकारला जादूटोणाविरोधी वटहुकूम काढावा लागला आणि वर्षाअखेरीला कायदा झाला. तो कायदा कशासाठी लागला? गुप्तधन काढून देतो, करणी उलटवतो, मूल होऊ देतो असं सांगणारे आणि त्यांच्या दारात रांग लावणारे आहेत म्हणून. गेलेलं परत आणून देतो, हे त्यातलं सगळ्यात मोठं आमिष. ज्याचं माणूस गेलंय त्याच्यासमोर ही विद्या ठेवताना दहा वेळा विचार कर.

मामांचा हा मुद्दा मला हलका वाटत नाही. तरी भाचीने दिलेलं उत्तर मला त्याहून जड वाटलं, म्हणून ते सगळं देतो.

भाची : मग नारळीकरांचंच बघा. 1974 साली मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेला त्यांनी ‘कृष्णविवर’ ही कथा पाठवली, ती नारायण विनायक जगताप या नावाने. आपल्या आद्याक्षरांचा क्रम उलटा केला, आणि अक्षर ओळखू नये म्हणून कथा पत्नी मंगलाताईंकडून लिहून घेतली. पहिलं बक्षीस मिळालं. म्हणजे शास्त्रज्ञ म्हणून मिळणारा मान बाजूला ठेवून त्यांना निव्वळ कल्पनेची परीक्षा द्यायची होती. याच माणसाने पुढे 2008 मध्ये, दाभोलकरांच्या लोकांना बरोबर घेऊन, ज्योतिषाची परीक्षा घेतली. दोनशे मुलांच्या पत्रिका जमवल्या, शंभर हुशार आणि शंभर मतिमंद. ज्योतिषांना प्रत्येकी 40 पत्रिका दिल्या आणि कोणती कुणाची ते ओळखायला सांगितलं. 27 जणांनी उत्तरं पाठवली, त्यांतली बरोबर आली शेकडा 46. नाणं उडवलं असतं तरी एवढी आली असती. एकच माणूस दुसरं पानिपत कल्पितो आणि ज्योतिष तपासतो. कल्पना करणं आणि फसणं या दोन गोष्टी वेगळ्या आहेत, मामा. कथा सांगताना ती कथा आहे असं जो सांगतो, तो कुणाला फसवत नाही.

मामा : आणि ऐकणाऱ्याला ती खरी हवी असेल तर? तोतयाची गोष्ट तुला माहीत आहे.

इथे वाद पुस्तकांतून बाहेर आला. पानिपतावर सदाशिवरावभाऊ मेले, हे कळायला पुरेसा पुरावा होता. शत्रूपक्षातल्या शुजाच्या छावणीत असलेल्या काशिराजाने पुढे फारसीत लिहिलेल्या वृत्तांतात भाऊंचं प्रेत ओळखल्याची आणि त्याला अग्नी दिल्याची हकिगत आहे. तरीही पुण्यात आणि उत्तरेत भाऊ जिवंत असल्याची बातमी मरेना. मग एक माणूस उभा राहिला : मीच भाऊ. चौकशी झाली, तो सुखनिधान नावाचा कनोजी ब्राह्मण असल्याचं निघालं, त्याला कैदेत टाकलं. प्रकरण तिथेच मिटायला हवं होतं. पण 1776 मध्ये तो रत्नागिरीच्या किल्ल्यातून बाहेर पडला तो किल्ल्यावरच्या अधिकाऱ्याच्याच मदतीने. कोकणातले किल्ले भराभर त्याच्या हाती गेले, हजारो माणसं जमली आणि तो घाटाच्या पायथ्यापर्यंत येऊन ठेपला. पेशवाईच्या फौजेने त्याचा मोड केला, आंग्र्यांनी पकडून दिलं आणि त्याच वर्षी पुण्यात त्याला ठार केलं. न. चिं. केळकरांनी यावर ‘तोतयाचे बंड’ हे नाटक लिहिलं.

मामा : चौकशीचा निकाल लागल्यानंतर हे सगळं झालं, लक्षात घे. कागद होता, साक्षी होत्या. तरी किल्लेदारांनी दरवाजे उघडले. पंधरा वर्षांपूर्वी हरलेली लढाई थोडी तरी परत मिळेल, एवढ्या आशेवर माणसांनी आपली डोकी दिली. भूतकाळ बदलण्याची विद्या म्हणतेस ना? ती आपल्याकडे होऊन गेली, आणि तिचा शेवट असा झाला.

भाची : त्या माणसाने खोटं बोलून खरं असल्याचं सोंग केलं. मी...

मामा : त्याचं सोड. पार्वतीबाईंचं सांग. भाऊंची बायको. पानिपताच्या स्वारीत ती बरोबर होती, जीव वाचवून परत आली. तिने वैधव्य पत्करलं नाही. कुंकू लावत राहिली. 1783 मध्ये गेली तोवर, म्हणजे बावीस वर्षं. तुझी कादंबरी तिने वाचली असती तर?

भाचीने लगेच उत्तर दिलं नाही. मलाही चटकन सुचलं नसतं. पार्वतीबाईंना वेडी म्हणायची कुणाची छाती नाही. पेशव्यांच्या घरात, पुण्यासारख्या शहरात, त्या काळात एका बाईने नवरा मेला हे मान्य करायला नकार दिला आणि घराने तो नकार चालवून घेतला. तोतयापायी माणसं मेली, पार्वतीबाईंच्या कुंकवाने कुणाचं काही बिघडलं नाही. घडलेलं नाकारण्याच्या या दोन तऱ्हा एकाच लढाईतून निघालेल्या आहेत आणि दोन्हींना एकाच मापाने मोजणं मला अन्यायाचं वाटतं. भाचीने थोड्या वेळाने जवळपास हेच सांगितलं, पण तिच्या कामाच्या भाषेत.

भाची : मामा, आमच्याकडे गोदामात चुकीची नोंद झाली तर ती पुसता येत नाही. पुसायची सोयच ठेवलेली नाही. शंभर खोके आले म्हणून चढवले आणि प्रत्यक्षात नव्वदच असले, तर दहाची उलट नोंद करायची. कुणी केली, कधी केली, का केली, सगळं राहतं. पहिली चूकही राहते. माझी विद्या तशीच आहे. ती साधणाऱ्याला जुनं पुसता येत नाही. तो नवं लिहितो, आणि दोन्ही भूतकाळ त्याच्या डोक्यात कायमचे राहतात. बाकी जग नवा लक्षात ठेवतं, त्याला मात्र मेलेली माणसंही आठवतात आणि ती जिवंत फिरतानाही दिसतात. हा दंड तोतयाने भरला नाही. पार्वतीबाई रोज भरत होत्या.

मामा : हे चांगलं आहे. हे तुझ्या लिखाणात अजून आलेलं नाही.

भाची : येईल. आणि पुसायचं नाही हे मी फक्त गोदामातून घेतलेलं नाही. घरातूनही घेतलंय.

तिने पेटीतून सातबाऱ्याची जुनी नक्कल काढली. कागद घडीवर फाटायला आला होता. गोदामांच्या पट्ट्यात आज जिथे ट्रक मागे घेतले जातात, तिथला हा भाताचा तुकडा. सगळ्यात वर एका सावकाराचं नाव, त्याला कंस. खाली मामांच्या वडिलांचं नाव, तेही कंसात. त्याखाली जमीन घेणाऱ्याचं. प्रत्येक नावाशेजारी गोल करून फेरफाराचा नंबर. जमीन महसुलाची ही पद्धत नीट पाहण्यासारखी आहे. खरेदी, वारसा, वाटणी, काहीही झालं की तलाठी गाव नमुना सहामध्ये नोंद धरतो, चावडीवर लावतो आणि ज्यांचा संबंध पोचतो त्यांना नोटीस काढतो. हरकतीला पंधरा दिवस. हरकत आली तर प्रकरण विवादग्रस्त नोंदवहीत जातं, नाही तर मंडळ अधिकारी नोंद प्रमाणित करतो आणि मग ती सातबाऱ्यावर उतरते. आधीच्याचं नाव खोडून नाहीसं करत नाहीत. कंस करतात.

भाची : आजोबांचं नाव कंसात आहे, पण वाचता येतं. मी लहान असताना वाटायचं, हा कंस काढता आला तर जमीन परत आपली. कादंबरी तिथूनच सुरू झाली.

मामा : कंस काढशील, आणि मग? वरचा कंस पण बघ. कुळकायद्याने 1 एप्रिल 1957 ला कसणाऱ्याला जमिनीचा मालक मानलं, म्हणून माझ्या वडिलांचं नाव लागलं. त्या दिवशी सावकाराच्या नावाला कंस पडला. तुझी विद्या एक कंस काढते, तर सावकाराचा नातू येऊन म्हणेल, दुसराही काढा. भूतकाळात मागे जायचं तर थांबायचं कुठे, हे कोण ठरवणार? जो विद्या शिकलाय तो. म्हणजे पुन्हा बळी तो कान पिळी. आणि जमीन विकली त्या पैशातून तुझी आई शिकली, तिच्यामागून तू. तो कंस काढलास तर हे पान वाचणारी मुलगी राहील का?

भाची : म्हणून तर पंधरा दिवस ठेवलेत! फेरफार करायचा तर त्या घटनेवर ज्यांचं आयुष्य उभं आहे त्या सगळ्यांना नोटीस जाते. स्वप्नात जाते. एकाने जरी हरकत घेतली तरी घटना बदलत नाही.

मामा : आणि ज्यांना नोटीस काढताच येत नाही त्यांचं? बदल झाला तर जे जन्मणारच नाहीत ते हरकत घेतील, पण बदल झाल्यावर जे जन्मणार आहेत त्यांची बाजू कोण मांडणार? शिवाय पानिपताचंच घे. विश्वासराव नानासाहेब पेशव्यांचा थोरला मुलगा. तो जगला असता तर नानासाहेबांच्या मागे गादी त्याची. मग थोरले माधवराव पेशवे झाले असते का? ज्या माणसाने पानिपतानंतर दहा वर्षांत मोडलेलं राज्य उभं केलं, त्याला तुझी एक चुकवलेली गोळी गादीवरून उठवते.

भाची : हे मी लिहिणार आहे.

मामा : लिही. आणखी एक लिही. ती गोळी चुकवूनही लढाई जिंकता येत नव्हती. महिने झाले सैन्य कोंडलेलं होतं. डिसेंबर 1760 मध्ये गोविंदपंत बुंदेले मारले गेले आणि रसदीची आशा संपली. माणसं उपाशी, जनावरं मेलेली. चौदा तारखेला जे बाहेर पडले ते उपासमारीने मरण्यापेक्षा लढून मरू म्हणून. तुझा मांत्रिक गोळी वळवेल. भाकरी कुठून आणेल?

इथपर्यंत दोघं एकमेकांसमोर उभी होती. यानंतर, माझ्या मते, ती शेजारी येऊन बसली. हा वाद मांडावासा वाटला तो या वळणामुळे.

भाची : मग माझ्या कादंबरीतला पहिला फेरफार फसतो. मांत्रिक गोळी वळवतो आणि लढाई तरीही जाते. मग तो मागे जातो, बुंदेल्यांना वाचवायला बघतो. तिथेही कळतं की पैसा आधीच अडकलाय, मित्र आधीच तुटलेत. तो मागे मागे जात राहतो आणि एकही खुंटी सापडत नाही जी एकटी उपटली की सगळं सुटेल. विद्या शिकायची म्हणजे मंत्र पाठ करणं नाही, मामा. कशामुळे काय झालं हे ज्याला अचूक माहीत आहे, त्यालाच फेरफार करता येतो. ज्याला माहीत नाही, त्याचा मंत्र चालतच नाही.

मामा : म्हणजे साधना काय? दप्तरं वाचणं?

भाची : दप्तरं वाचणं. राजवाड्यांनी 1898 मध्ये मराठ्यांच्या इतिहासाच्या साधनांचा पहिला खंड काढला तो पानिपताच्या आसपासच्या पत्रांचा. माझ्या मांत्रिकाच्या गुरूकडे तो खंड आहे. शेजवलकरांचं ‘पानिपत’ही आहे. आणि ते सावकारी पत्र आहे, ज्यात मेलेल्या सरदारांची खबर गळालेल्या मोत्यांच्या आणि हरवलेल्या मोहरांच्या हिशोबात घातली होती, उत्तरेकडे निघालेल्या नानासाहेबांसाठी. मी रोज मालाची तूट लिहिते. ते पत्र ज्याने लिहिलं त्याचा हात कसा थांबला असेल, हे मला कळतं.

साधनेचा विषय निघाला तसे मामा काही वेळ नवनाथांवर बोलले. त्यांच्या घरात श्रावणात ‘नवनाथ भक्तिसार’चं पारायण होई. मालू कवीची ही चाळीस अध्यायांची पोथी 1819 ची. मंत्र-अस्त्रांची एवढी पद्धतशीर मांडणी करणारा दुसरा लोकप्रिय मराठी ग्रंथ चटकन आठवत नाही. शाबरी विद्या फुकट मिळत नाही, एकेका देवतेला वचनात बांधून घ्यावं लागतं. मामांनी त्यातली एक गोष्ट काढली. मच्छिंद्रनाथ एका निपुत्रिक बाईला भस्म देतात. ती घाबरून ते उकिरड्यात टाकते. बारा वर्षांनी नाथ परत येतात, हाक मारतात आणि उकिरड्यातून बारा वर्षांचा गोरक्ष बाहेर येतो.

मामा : सगळी अस्त्रं ज्याला वश, तो मच्छिंद्र काय करू शकत होता? काळ मागे फिरवून भस्म पुन्हा तिच्या हातात देऊ शकला असता. पोथी तसं करत नाही. बारा वर्षं गेली ती गेली. मुलगा मिळाला, पण त्या बाईला नाही, तो नाथांबरोबर गेला. आमच्या आईला हे कळत होतं. ती पारायणाला बसायची तेव्हा काही परत मागत नव्हती.

भाची : मग तुम्ही हे माझ्या गुरूच्या तोंडी घालू द्याल?

मामा : घाल. आणि वज्रेश्वरीही घाल. आपल्याच तालुक्यातलं देऊळ. वसईच्या मोहिमेत चिमाजीअप्पांनी देवीला नवस केला, 1739 मध्ये वसई घेतली, आणि ते किल्ल्यासारखं देऊळ उभं राहिलं. पानिपतावर हरलेले सदाशिवरावभाऊ याच चिमाजीअप्पांचा मुलगा. बापाचा जय आणि मुलाचा पराजय यांच्यात बावीस वर्षं. फेरफार करणाऱ्याने आधी त्या पायऱ्या चढाव्यात. एक फेडलेला नवस बघावा आणि मग ठरवावं की दुसरा मागायचा का.

एवढं झालं तरी मामा विद्येला हो म्हणाले, असं कुणी समजू नये. त्यांचं म्हणणं शेवटपर्यंत तेच आहे : भूतकाळ समजून घ्यायचा असतो, त्यात ढवळाढवळ करायची कल्पनाही माणसाला आळशी करते. भाचीचं म्हणणंही जागचं हललेलं नाही : ज्याला काही बदलायचंच नाही, तो भूतकाळ समजून घेण्याची तसदी का घेईल? दोघंही आपापल्या जागी पक्के आहेत आणि मला त्यांना एका मतावर आणायचं नाही.

माझं मत मात्र भाचीकडे झुकतं. मामांच्या हरकती नसत्या तर तिची विद्या बाजारातल्या कुठल्याही जादूसारखी स्वस्त राहिली असती, हे खरं. त्या हरकतींमुळेच तिला दंड आला, नोटीस आली, दप्तर वाचण्याची अट आली. या अटी पाळणारी अद्भुतकथा इतिहासाच्या आड येत नाही. पानिपतावर तावातावाने बोलणारे कितीतरी लोक गोविंदपंत बुंदेल्यांच्या नावापर्यंत पोचत नाहीत. भाचीच्या मांत्रिकाला तिथे पोचावंच लागतं, नाही तर त्याचा मंत्र चालत नाही. माझ्या दृष्टीने ही कमाई मोठी आहे.

नारळीकर 20 मे 2025 ला गेले. एका गोळीच्या वाटेवरून त्यांनी मराठी वाचकाला केवढा मोठा प्रश्न विचारून ठेवला, आणि त्या वाटेने पुढे गेलेले मराठी लेखक फार थोडे आहेत. भिवंडीत, रायगडात, नाशिकात, विदर्भात जे तरुण अशा कथा लिहू पाहत असतील त्यांना माझं सांगणं आहे : परदेशी मालिकांतली कालयंत्रं बाजूला ठेवा. आपल्या गावच्या चावडीवर जा, घरातल्या पेटीतला जुना सातबारा काढा, त्यावरचे कंस मोजा, त्या त्या नंबरचे फेरफार काढून वाचा. बखर वाचा आणि तिच्या शेजारी ठेवून पत्रंही वाचा. मग तुमची जादू लिहा, आणि ती छापण्याआधी हरकत घेईल अशा एखाद्या माणसाला वाचायला द्या.